दोन वस्तू, दोन भाव, एक बिल : शाब्दिक उदाहरणांबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी सांगलीत आठवी ते दहावीच्या मुलांना गणित शिकवते. दिवाळीची सुट्टी संपली की फोनवर वहीच्या पानांचे फोटो यायला लागतात आणि बहुतेक फोटो एकाच जातीच्या गणिताचे असतात: अमुक दोन वस्तू विकल्या, एवढे पैसे आले, तर कोणती किती? प्रश्न मुलांचे असतात, पालकांचे असतात, पोलीस भरतीची तयारी करणाऱ्यांचेही असतात. तेच तेच विचारलं जातं, म्हणून उत्तरं एकदाच नीट लिहून ठेवते आहे. उदाहरणांतले भाव आकडेमोड सोपी जावी म्हणून धरलेत, ते आजचे बाजारभाव समजू नयेत.

१. या प्रकारचं गणित ओळखायचं कसं?

वस्तू दोन असतात आणि त्यांच्याबद्दल दोन स्वतंत्र गोष्टी सांगितलेल्या असतात. राज्य मंडळाच्या दहावीच्या गणित भाग १ मधलं पहिलंच प्रकरण, ‘दोन चलांतील रेषीय समीकरणे’, याच विषयाचं आहे. गणितं दोन तऱ्हांची येतात.

पहिल्या तऱ्हेत भाव माहीत असतो, माल किती ते माहीत नसतं. उदाहरणार्थ: साताऱ्यातल्या एका दुकानात दिवसभरात कंदी पेढे आणि बर्फी मिळून ४० किलो खपली. पेढे ५०० रुपये किलो, बर्फी ६०० रुपये किलो. गल्ला २१,८०० रुपये. कोणता माल किती खपला?

दुसऱ्या तऱ्हेत माल माहीत असतो, भाव माहीत नसतो. ३ किलो बेदाणे आणि २ किलो हळद घेतली तेव्हा बिल १,०८० रुपये झालं. त्याच दुकानात त्याच भावानं २ किलो बेदाणे आणि ५ किलो हळद घेतली तेव्हा १,३८० रुपये झालं. दोन्हींचे भाव काय?

पुढे बऱ्याच उत्तरांत हीच दोन गणितं वापरली आहेत. त्यांना ‘पेढ्याचं गणित’ आणि ‘बेदाण्याचं गणित’ म्हणू.

२. “क्ष मानू” इथपर्यंत येते, पण क्ष काय मानायचं तेच कळत नाही.

माझ्या मते सगळ्या चुकांचं मूळ इथं आहे, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

वहीत पहिली ओळ बहुतेक वेळा अशी असते: ‘पेढे = क्ष, बर्फी = य’. वाचायला बरी वाटते, पण ती काहीच सांगत नाही. पेढे म्हणजे पेढ्यांचं वजन, पेढ्यांचा भाव, की पेढ्यांचे आलेले पैसे? लिहिणाऱ्यानं मनात एक धरलेलं असतं आणि चौथ्या ओळीपर्यंत तो ते विसरतो. मग शेवटी उत्तर येतं ‘पेढे = २२ रुपये’. आकडा बरोबर आणि उत्तर चूक.

क्ष ही वस्तू नसते, क्ष हा आकडा असतो. म्हणून पहिली ओळ अशी लिहा: ‘खपलेले पेढे क्ष किलो मानू. खपलेली बर्फी य किलो मानू.’ बेदाण्याच्या गणितात ती अशी होईल: ‘बेदाण्याचा भाव दर किलोस क्ष रुपये मानू. हळदीचा भाव दर किलोस य रुपये मानू.’ ओळीत किलो, रुपये, नग किंवा वर्षं असं एकक नसेल तर ती ओळ अपुरी आहे.

‘३क्ष + २य’ हे ‘तीन बेदाणे आणि दोन हळद’ असं वाचू नका. तीन आंबे अधिक दोन केळी अशी समजूत पाचवी-सहावीत मनात बसते आणि दहावीत आड येते. ३क्ष म्हणजे ३ किलो गुणिले दर किलोचा भाव, म्हणजे रुपये. २य म्हणजेही रुपये. रुपयांत रुपये मिळवता येतात म्हणून ती बेरीज चालते.

क्ष काय मानायचं याचा सोपा नियम: गणिताचं शेवटचं वाक्य आधी वाचा. विचारलेली गोष्टच क्ष आणि य माना. थोडे अपवाद आहेत, पण दहावीपर्यंत हा नियम पुरतो.

३. पुस्तकात इंग्रजी अक्षरं आहेत. तुम्ही क्ष आणि य लिहिता ते चालतं का?

अक्षर कुठलंही चालतं. परीक्षेत तुमच्या पुस्तकातली अक्षरं वापरा, म्हणजे तपासणाऱ्यालाही सोपं जातं.

४. क्ष-य मानले. आता वाक्यावरून समीकरण कसं बनवू?

प्रत्येक समीकरण एकाच एककाचं असतं. एखादं मालाचं समीकरण असतं (सगळीकडे किलो, किंवा सगळीकडे नग), एखादं पैशाचं (सगळीकडे रुपये). समासात पेन्सिलीनं ‘किलो’ किंवा ‘रुपये’ लिहा आणि मगच समीकरण मांडा.

पेढ्याचं गणित:
(किलो) क्ष + य = ४०
(रुपये) ५००क्ष + ६००य = २१,८००

पहिल्या ओळीत चुकून ५०० आला तर तो तिथं शोभत नाही हे लगेच दिसतं, कारण ती ओळ किलोची आहे. दुसरीला १०० नी भागलं की ५क्ष + ६य = २१८. पहिलीला ५ नी गुणलं की ५क्ष + ५य = २००. वजा केलं की य = १८, म्हणून क्ष = २२. पेढे २२ किलो, बर्फी १८ किलो.

बेदाण्याच्या गणितात दोन्ही समीकरणं रुपयांची आहेत, कारण दोन्ही वाक्यं बिलाची आहेत:
३क्ष + २य = १,०८०
२क्ष + ५य = १,३८०
पहिलं २ नी आणि दुसरं ३ नी गुणून वजा केलं की ११य = १,९८०. म्हणून य = १८० आणि क्ष = २४०.

५. “च्या दुपटीपेक्षा ५ ने कमी” असलं वाक्य आलं की उलटंच समीकरण होतं. का?

कारण आपण वाक्य डावीकडून उजवीकडे जसंच्या तसं उतरवत जातो. ‘पेढे बर्फीच्या दुपटीपेक्षा ५ किलोंनी कमी आहेत’ हे वाचून मुलं घाईत २क्ष = य − ५ लिहितात, कारण वाक्यात पेढे आधी आले आणि मग दुप्पट आली.

एक छोटा आकडा घालून बघा. बर्फी १० किलो असती तर? दुप्पट २०, त्यातून ५ गेले, पेढे १५. आता क्ष = १५ आणि य = १० तुमच्या समीकरणात घाला. क्ष = २य − ५ मध्ये बसतात, २क्ष = य − ५ मध्ये बसत नाहीत. दहा सेकंदांचं काम आहे आणि उलट्या समीकरणाची चूक इथंच सापडते.

काही शब्द नीट ओळखून ठेवा. ‘मिळून’ म्हणजे बेरीज. ‘प्रत्येकी’ म्हणजे गुणाकार येणार. ‘पैकी’ आणि ‘उरलेले’ आले की एकूण आकडा आधीच दिलेला आहे, तो शोधा. ‘ने’ आणि ‘पट’ यांत गल्लत नको: तीनने जास्त म्हणजे +३, तिप्पट म्हणजे ×३. ‘खप दुपटीने वाढला’ हे वाक्य मात्र खरोखरच संदिग्ध आहे. कुणी त्याचा अर्थ दुप्पट झाला असा घेतो, कुणी दुपटीची भर पडली असा. परीक्षेत दुप्पट झाला असाच घ्या, आणि स्वतः गणित तयार करत असाल तर हे वाक्य टाळा.

६. माझी मुलगी इंग्रजी माध्यमात आहे. सव्वादोनशे, पावणेतीन असे शब्द आले की अडते.

याचं मला वाईट वाटतं, कारण बाजारात अजूनही सगळे व्यवहार याच शब्दांत होतात. पाव म्हणजे ०.२५, पाऊण ०.७५, सव्वा १.२५, दीड १.५, अडीच २.५. पुढच्या आकड्यांना सव्वा, साडे आणि पावणे लागतात: सव्वातीन ३.२५, साडेतीन ३.५, पावणेतीन २.७५. पावणे म्हणजे पुढच्या आकड्याला पाव कमी, हे एकदा पक्कं करा. शेकड्यातही तसंच: पाऊणशे ७५, सव्वाशे १२५, दीडशे १५०, पावणेदोनशे १७५, सव्वादोनशे २२५, अडीचशे २५०.

आपल्या आजोबांच्या पिढीनं शाळेत पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, औटकी असे पाढेच पाठ केले होते. औट म्हणजे साडेतीन. घरात कुणाला ते येत असतील तर मुलीला त्यांच्यापाशी बसवा.

७. समीकरणं न मांडता तोंडी सुटत नाही का? आमचे आजोबा लगेच सांगतात.

सुटतं, आणि आजोबांची रीत सुंदर आहे. पेढ्याचं गणित घ्या. समजा चाळीसच्या चाळीस किलो पेढेच खपले असते, तर ४० × ५०० = २०,००० रुपये आले असते. आले २१,८००. जास्तीचे १,८०० कुठून आले? प्रत्येक किलो बर्फीमागे १०० रुपये जास्त येतात, म्हणजे बर्फी १८ किलो.

आत खोलवर हे लोप पद्धतीसारखंच आहे (प्रश्न ४ मध्ये केलं तसं, समीकरणं वजा करून एक अक्षर घालवायचं). ५क्ष + ५य = २०० हे समीकरण म्हणजे ‘सगळे पेढेच’ ही कल्पना. मी आठवीला आधी ही रीत शिकवते आणि समीकरण नंतर, कारण मग समीकरण परकं वाटत नाही. शिष्यवृत्ती परीक्षा किंवा पोलीस भरती यांत पर्याय निवडायचा असतो, तिथं हीच रीत वापरा. दहावीला मात्र समीकरणं मांडून सोडवायचं असतं, तिथं पायऱ्या लिहा आणि तोंडी रीत पडताळ्यासाठी ठेवा.

ही रीत पहिल्या तऱ्हेच्या गणितालाच सहज लागू पडते. बेदाण्याच्या गणितात समीकरणंच सोयीची.

८. लोप, प्रतिस्थापन, आलेख, निश्चयक : कोणती पद्धत वापरू?

प्रश्नात पद्धत सांगितली असेल तर तीच. सांगितली नसेल तर मी लोप पद्धत सुचवते. क्ष = २य − ५ असं तयार समीकरण मिळालं असेल तर प्रतिस्थापन, म्हणजे दुसऱ्या समीकरणात क्ष च्या जागी २य − ५ घालणं, सोपं पडतं.

निश्चयक पद्धत (समीकरणांतल्या आकड्यांचे तिरपे गुणाकार करून वजा करायची) क्रेमर या स्विस गणितज्ञाच्या नावानं ओळखली जाते, त्यानं ती १७५० मध्ये मांडली. बेदाण्याच्या गणितात मुख्य निश्चयक ३ × ५ − २ × २ = ११. क्ष साठी १,०८० × ५ − २ × १,३८० = २,६४०, त्याला ११ नी भागलं की २४०. य साठी ३ × १,३८० − २ × १,०८० = १,९८०, भागिले ११, १८०. आकडे वेडेवाकडे असले तरी ही पद्धत अडत नाही हा तिचा मोठा गुण. ऋण चिन्हं असतील तर मात्र जपून.

आलेख पद्धत हजारांतल्या रुपयांसाठी सोयीची नाही, छेदनबिंदू अचूक वाचता येत नाही. पण दोन रेषा एका बिंदूत मिळतात म्हणून उत्तर एकच येतं, हे समजायला आलेख एकदा तरी काढाच. प्रश्न ११ मध्ये त्याचा उपयोग होईल.

९. ९ आणि ७, मग ७ आणि ९ असे आकडे उलटसुलट येतात. त्याची काही युक्ती आहे म्हणतात?

आहे, आणि ती खूप जुनी आहे. राष्ट्रकूट राजा अमोघवर्षाच्या काळात, नवव्या शतकात, महावीराचार्य नावाचे जैन गणिती होऊन गेले. आपल्या या भागावरही तेव्हा राष्ट्रकूटांचंच राज्य होतं. महावीराचार्यांच्या ‘गणितसारसंग्रह’ या संस्कृत ग्रंथातलं एक उदाहरण असं आहे: ९ महाळुंगं (लिंबाच्या जातीचं मोठं फळ) आणि ७ कवठं यांची मिळून किंमत १०७, आणि ७ महाळुंगं आणि ९ कवठं यांची १०१. तर एकेका फळाची किंमत सांग.

म्हणजे दुकानातलं हे बिलाचं कोडं निदान अकराशे वर्षं मुलांपुढे आहे. महाशिवरात्रीच्या सुमारास मंडईत कवठं दिसली की मी वर्गात हेच उदाहरण घालते.

क्ष आणि य या एकेका फळाच्या किमती माना. ९क्ष + ७य = १०७ आणि ७क्ष + ९य = १०१. आधी बेरीज करा: १६क्ष + १६य = २०८, म्हणून क्ष + य = १३. मग वजाबाकी: २क्ष − २य = ६, म्हणून क्ष − य = ३. आता तोंडी सांगता येतं: महाळुंग ८, कवठ ५. मोठे गुणाकार करावेच लागले नाहीत.

हीच युक्ती लपून येते तेव्हा मुलं फसतात. पेढ्याचं गणित बदलून बघा. एकूण ४० किलो हे सांगितलंच नाही. त्याऐवजी म्हटलं: गल्ला २१,८०० झाला, पण नव्या नोकराकडून दोन्ही भावांची अदलाबदल झाली असती तर गल्ला २२,२०० झाला असता. मग ५००क्ष + ६००य = २१,८०० आणि ६००क्ष + ५००य = २२,२००. बेरजेतून १,१००(क्ष + य) = ४४,०००, म्हणून क्ष + य = ४०. वजाबाकीतून १००(क्ष − य) = ४००, म्हणून क्ष − य = ४. उत्तर तेच, २२ आणि १८. ‘अदलाबदल’ हा शब्द दिसला की आधी बेरीज-वजाबाकी करून बघा.

१०. उत्तर अपूर्णांकात आलं, किंवा ऋण आलं. माझं चुकलं का?

आधी वस्तू बघा. किलो, लिटर, रुपये अपूर्णांकात येऊ शकतात. साडेदहा किलो पेढे खपतात. नग येऊ शकत नाहीत.

भडंगाची लहान पाकिटं ३० रुपयांना, मोठी ५० रुपयांना, मिळून २५ पाकिटं विकली आणि ९६० रुपये आले असं गणित असेल, तर सगळी लहान धरून ७५०, वर २१०, प्रत्येक मोठ्या पाकिटामागे २० जास्त, म्हणजे मोठी साडेदहा. हे शक्य नाही. एक तर आकडा उतरवताना चूक झाली, किंवा गणितच चुकीचं छापलंय. ९७० असते तर मोठी ११ आणि लहान १४ आली असती.

ऋण उत्तर ओळखायला सोडवावंही लागत नाही. २५ पाकिटांचे कमीत कमी ७५० रुपये येणार (सगळी लहान) आणि जास्तीत जास्त १,२५० (सगळी मोठी). दिलेली रक्कम या दोन टोकांच्या मध्येच हवी. १,३५० दिली असेल तर मोठी ३० आणि लहान −५ येतील. मी परीक्षेआधी मुलांना हे बजावते: सोडवायला घेण्याआधी दोन टोकं काढा, बारीक अक्षरात समासात लिहा. दिलेली रक्कम त्यांच्या मध्ये बसत नसेल तर कुठंतरी चूक झाली आहे हे वेळ असतानाच कळतं.

११. शेवटी ० = ० आलं. आता?

दोन्ही वाक्यांत एकच माहिती होती. २ किलो बेदाणे आणि ३ किलो हळद १,०२० रुपये. ४ किलो बेदाणे आणि ६ किलो हळद २,०४० रुपये. दुसरं बिल पहिल्याच्या बरोबर दुप्पट आहे, नवीन काही सांगत नाही. आलेखात दोन्ही रेषा एकमेकींवर बसतात, उत्तरं अनंत.

दुसरं बिल २,००० रुपये असेल तर शेवटी ० = ४० सारखं काहीतरी येतं. रेषा समांतर, उत्तर नाही. पण बाजारात असं बिल खरंच येतं, आणि ते का येतं हे समजणं मोलाचं आहे. दुप्पट माल घेतला म्हणून दुकानदारानं ४० रुपये सोडले. म्हणजे भाव तोच राहिला नाही. आपली सगळी समीकरणं ‘भाव तोच’ या एका गृहीतावर उभी आहेत. म्हणून चांगल्या गणितात ‘त्याच भावानं’ हे शब्द असतात. ते वाचून सोडून देऊ नका.

१२. एकच समीकरण मिळतंय आणि तरी उत्तर विचारलंय. कसं शक्य आहे?

वस्तू नगात असतील तर कधीकधी शक्य असतं. वडा १५ रुपये, चहा १० रुपये, बिल ९५ रुपये. १५क्ष + १०य = ९५, म्हणजे ३क्ष + २य = १९. इथे २य सम आहे आणि १९ विषम, म्हणून क्ष विषमच हवा. क्ष = १ तर य = ८; क्ष = ३ तर य = ५; क्ष = ५ तर य = २. तीनच शक्यता. गणितात ‘चहा वड्यांपेक्षा दोनने जास्त’ असं कुठंतरी असेल तर ३ वडे आणि ५ चहा. अशी समीकरणं सोडवण्याची रीत भारतात आर्यभटांच्या काळापासून, म्हणजे पाचव्या शतकाच्या अखेरीपासून आहे. तिला कुट्टक म्हणतात. दहावीला ती नाही, स्पर्धा परीक्षांत मात्र असे प्रश्न येतात.

१३. भाव डझनाचा किंवा क्विंटलचा, आणि विचारलंय नग किंवा किलो. कुठं बदलू?

सगळ्यात आधी, क्ष मानण्याच्याही आधी. केळी ६० रुपये डझन म्हणजे नगाला ५ रुपये. हळद १८,००० रुपये क्विंटल म्हणजे किलोला १८० रुपये, कारण क्विंटल म्हणजे १०० किलो. बेदाणे ६० रुपये पाव म्हणजे २४० रुपये किलो. पोत्याचं वजन गणितात दिलेलं असेल तेच धरा, मनानं धरू नका. सांगलीच्या मार्केट यार्डात हळदीचा सौदा होतो तो क्विंटलवर आणि घरी आपण आणतो ती पाव किलो, म्हणून आपल्याकडच्या मुलांना ही सवय लवकर लागायला हवी.

१४. दोन प्रतींची हळद मिसळली, हे वेगळं गणित आहे का?

नाही, पेढ्याच्याच गणिताचा भाऊ आहे. १४० रुपये आणि २०० रुपये किलोची हळद मिसळून १६० रुपये किलोची ३० किलो हळद करायची आहे. (किलो) क्ष + य = ३०. (रुपये) १४०क्ष + २००य = ३० × १६० = ४,८००. सगळी १४० ची धरली तर ४,२००, वर ६००, फरक ६०, म्हणून २०० वाली १० किलो आणि १४० वाली २० किलो.

चूक कुठं होते? १४० आणि २०० ची सरासरी १७० काढून. ती सरासरी दोन्ही हळदी सारख्याच वजनाच्या असतील तरच खरी. इथे मिश्रणाचा भाव १६०, म्हणजे १४० पासून २० लांब आणि २०० पासून ४० लांब. ज्याच्या जवळ, त्याचा माल जास्त: प्रमाण ४० : २०, म्हणजे २ : १.

१५. शेकडा नफा-तोटा आला की सगळंच गडबडतं.

शेकडा कशावर, एवढं धरून ठेवा. नफा-तोटा खरेदीच्या किमतीवर काढतात. बेदाणे आणि हळद मिळून १०,००० रुपयांना घेतले. बेदाण्यावर शेकडा १० नफा, हळदीवर शेकडा ५ तोटा, एकूण नफा ४०० रुपये. क्ष आणि य या खरेदीच्या किमती (रुपयांत) माना. क्ष + य = १०,०००. दुसरं, १०क्ष/१०० − ५य/१०० = ४००, म्हणजे २क्ष − य = ८,०००. बेरीज केली की ३क्ष = १८,०००. बेदाणे ६,००० ला, हळद ४,००० ला घेतली.

दुसरा नेहमीचा फास: दोन वस्तू प्रत्येकी १,२०० रुपयांना विकल्या, एकीवर शेकडा २० नफा, दुसरीवर शेकडा २० तोटा. ‘बरोबरीत सुटलं’ असं वाटतं. पण पहिलीची खरेदी १,००० आणि दुसरीची १,५००. घातले २,५००, आले २,४००. शेकडा ४ तोटा. तोटा मोठ्या रकमेवर झाला आणि नफा लहान रकमेवर, म्हणून.

१६. तीन वस्तू असतील तर?

तीन अज्ञात, तर तीन स्वतंत्र माहित्या लागतात. पण दहावीच्या गणितात तिसरी वस्तू बहुधा दुसरीशी बांधलेली असते (‘तेवढेच’, ‘निम्मे’), मग पुन्हा दोनच चलं उरतात.

१७. पडताळा कशात करायचा, समीकरणात की गणितात?

गणिताच्या मूळ वाक्यात. समीकरणच चुकीचं मांडलं असेल तर त्या समीकरणात उत्तर बसेलच, आणि तुम्हाला खोटं समाधान मिळेल. प्रश्न पुन्हा वाचा: ‘मिळून ४० किलो’ – २२ अधिक १८, बरोबर. ‘गल्ला २१,८००’ – ११,००० अधिक १०,८००, बरोबर. मग उत्तर पूर्ण वाक्यात, एककासह लिहा.

१८. सरावाला चार गणितं द्याल का?

देते. उत्तरं खाली आहेत, आधी बघू नका.

(अ) महाबळेश्वरच्या रस्त्यावर एका शेतकऱ्यानं स्ट्रॉबेरीचे लहान बॉक्स ५० रुपयांना आणि मोठे १२० रुपयांना विकले. एकूण ३६ बॉक्स, २,६४० रुपये.

(आ) १७ वह्या आणि १३ पेनं ८१० रुपयांना. १३ वह्या आणि १७ पेनं ६९० रुपयांना. एकेकाची किंमत?

(इ) कराडच्या एका दुकानात एक किलोच्या आणि पाच किलोच्या गुळाच्या ढेपा मिळून ४० आहेत. एकूण वजन १२२ किलो. कोणत्या किती?

(ई) वडा १५ रुपये, चहा १० रुपये, बिल १२० रुपये. वडे आणि चहा सारख्याच संख्येनं घेतले असणं शक्य आहे का?

उत्तरं: (अ) मोठे १२, लहान २४. (आ) वही ४०, पेन १०. प्रश्न ९ ची युक्ती. (इ) हे गणित चुकीचं आहे. सगळ्या ढेपा एक किलोच्या धरल्या तर ४० किलो, वर ८२ किलो. पाच किलोच्या प्रत्येक ढेपेमागे ४ किलो वाढतात आणि ८२ ला ४ नी पूर्ण भाग जात नाही. वजन १२० किलो असतं तर वीस-वीस आल्या असत्या. (ई) नाही. एक वडा आणि एक चहा मिळून २५ रुपये आणि १२० ला २५ नी पूर्ण भाग जात नाही. ‘सारख्याच’ ही अट काढली तर मात्र किती तऱ्हांनी हे बिल होतं ते शोधा आणि फोटो पाठवा. फक्त वडे किंवा फक्त चहा घेतला असेल तर तेही मोजायचं.